स्टीमवर गेमचा कोड वापरताना: बटण दाबण्याआधी काय तपासायचं आणि नंतर काय करायचं

स्टीम या पीसी गेमच्या ऑनलाइन दुकानात एकदा वापरलेला कोड परत काढून घेता येत नाही. तो दुसऱ्या खात्यात हलवता येत नाही, मित्राला देता येत नाही, विकता तर मुळीच येत नाही. कोड टाकायला जेमतेम मिनिटभर लागतं. पण त्याआधी काही गोष्टी तपासल्या नाहीत तर दोन-तीन हजार रुपये अशा जागी अडकतात जिथून ते सोडवून द्यायला कुणीच पुढे येत नाही. पुतण्याच्या वाढदिवसाला घाईघाईने घेतलेला पण भलत्याच खात्यात गेलेला कोड, ग्राफिक्स कार्डासोबत मिळालेला आणि मुदत संपेपर्यंत खोक्यातच पडून राहिलेला कोड, स्वस्त मिळाला म्हणून घेतलेला आणि भारतात चालतच नसलेला कोड, हे प्रकार सतत घडतात आणि जवळजवळ सगळे टाळता येतात. म्हणून या लेखात कोड टाकण्याच्या पायऱ्यांना जेवढी जागा आहे, त्याहून जास्त जागा आधीच्या तपासणीला दिली आहे.

उदाहरण स्टीमचं घेतलं आहे, कारण पीसीवर गेम खेळणाऱ्या बहुतेकांचं खातं तिथे असतंच. व्हॉल्व्ह या अमेरिकी कंपनीने स्टीम सप्टेंबर २००३ मध्ये सुरू केलं आणि नोव्हेंबर २०१५ पासून भारतीय खात्यांना किमती रुपयांत दिसू लागल्या. प्लेस्टेशन, एक्सबॉक्स वगैरेंबद्दल शेवटाकडे थोडं लिहिलं आहे.

कोड कुठून येतो

दोन वेगळ्या गोष्टींना आपण सर्रास ‘कोड’ म्हणतो. एक म्हणजे गेमची की, म्हणजे प्रॉडक्ट कोड. ती टाकली की ठरावीक गेम तुमच्या लायब्ररीत, म्हणजे खात्यातल्या गेमच्या यादीत, येतो. दुसरा वॉलेट कोड. तो टाकला की स्टीमच्या पाकिटात पैसे जमा होतात आणि त्यातून हवा तो गेम घेता येतो. दोन्ही टाकायची पानं वेगळी आहेत. वॉलेट कोड गेमच्या पानावर टाकून ‘कोड खोटा निघाला’ म्हणून दुकानदाराशी भांडणारे लोक कमी नाहीत.

गेमच्या की गेम बनवणारी कंपनी स्वतः व्हॉल्व्हकडून मागून घेते. स्टीमच्या दुकानातून थेट विक्री झाली तर व्हॉल्व्ह त्यातला वाटा कापून घेतं, साधारणपणे ३० टक्के. बाहेर विकलेल्या कीवर मात्र व्हॉल्व्ह काहीच घेत नाही. त्यामुळे हंबल बंडल, फॅनॅटिकल, ग्रीन मॅन गेमिंग यांसारखी अधिकृत दुकानं तोच गेम कधीकधी स्टीमपेक्षा स्वस्तात देतात आणि त्यात गैर काहीच नसतं. त्यांना की थेट गेमच्या कंपनीकडून किंवा प्रकाशकाकडून मिळालेल्या असतात.

आणखी एक गोष्ट नीट समजून घ्या, कारण पुढच्या निम्म्या अडचणी तिथूनच निघतात. की ही एका गेमशी नव्हे, एका ‘पॅकेज’शी जोडलेली असते. पॅकेजमध्ये मूळ गेम असेल, सोबत डीएलसी म्हणजे गेमचे वाढीव भाग असतील, संगीताचा अल्बम असेल. कोणत्या देशात ते पॅकेज सुरू करता येईल आणि कोणत्या देशात चालेल, हेही पॅकेजवरच ठरलेलं असतं. म्हणजे एकाच गेमच्या दोन की दिसायला सारख्या असूनही एक पुण्यात चालेल आणि दुसरी चालणार नाही.

पॅकेज मिळालं म्हणजे गेमची मालकी मिळाली असं नाही, वापरायचा परवाना मिळतो. ऑक्टोबर २०२४ पासून स्टीम पैसे भरायच्या पानावर हे स्पष्ट लिहून दाखवतं. आधीही करारात तेच होतं, पण तो करार वाचतो कोण!

टाकण्याआधी

सगळ्यात आधी प्लॅटफॉर्म पाहा. दुकानाच्या पानावर ‘स्टीमवर ॲक्टिव्हेट होतो’ असं लिहिलेलं असतं. तसं नसेल तर पैसे भरू नका. पीसीसाठीचा गेम म्हणजे स्टीमचाच असं नाही. तो एपिक किंवा गॉग या दुसऱ्या ऑनलाइन दुकानांचा असेल, युबिसॉफ्टच्या स्वतःच्या ॲपचा असेल किंवा मायक्रोसॉफ्टच्या दुकानाचा असेल. स्टीमची की बहुधा पाच-पाच अक्षरांच्या तीन गटांत असते. मध्ये आडव्या रेघा, एकूण १५ अक्षरं-आकडे. पाच गटांची, म्हणजे २५ अक्षरांची की हातात आली तर ती मायक्रोसॉफ्टची असण्याची शक्यता मोठी असते. स्टीमवर काही जुन्या गेमच्या की लांब असतात, पण तो अपवाद.

मग प्रदेश. याला गेमिंगच्या जगात ‘रीजन लॉक’ म्हणतात. कंपन्या वेगवेगळ्या देशांत वेगवेगळ्या किमती ठेवतात. स्वस्त देशातली की महाग देशात वापरली जाऊ नये म्हणून हे कुलूप असतं. भारतात गेम बऱ्याचदा अमेरिकेपेक्षा स्वस्त असतात, त्यामुळे इथली की परदेशात बऱ्याचदा चालत नाही, आणि तिथली इथे चालेलच असंही नाही. दुकानाच्या पानावर ‘कोणत्या देशांत चालेल’ अशी यादी असते. तिच्यात भारत आहे का, हे स्वतःच्या डोळ्यांनी वाचा. नुसतं ‘ग्लोबल’ लिहिलंय म्हणून विश्वास ठेवू नका, विशेषतः ते एखाद्या अनोळखी विक्रेत्याने लिहिलं असेल तर.

व्हीपीएन लावून देश बदलून कोड टाकायचा सल्ला बरेच जण देतात. तो ऐकू नका. देश लपवून खरेदी करणं किंवा की सुरू करणं स्टीमच्या करारात स्पष्ट मना आहे आणि त्याची शिक्षा एका गेमपुरती मर्यादित राहत नाही. खात्यावरच निर्बंध येऊ शकतात, म्हणजे वर्षानुवर्षं जमवलेली लायब्ररी धोक्यात. खरोखर देश बदलला असेल, शिकायला किंवा नोकरीला बाहेर गेला असाल, तर नव्या देशातलं कार्ड वापरून खात्याचा देश रीतसर बदलता येतो. मात्र तीन महिन्यांतून एकदाच.

त्यानंतर खातं. कोड कुणाच्या नावावर जाणार हे आधी ठरवा. घरात एकच कॉम्प्युटर असतो, मोठ्या भावाचं खातं त्यावर आधीच उघडलेलं असतं आणि धाकटीचा गेम त्याच्या खात्यात जाऊन बसतो. तो परत काढायचा मार्ग नाही. स्टीमच्या खिडकीत वर उजवीकडे खात्याचं नाव दिसतं. ते वाचल्याशिवाय पुढे जाऊ नका. मूल १३ वर्षांचं झालं असेल तर त्याचं स्वतःचं खातं काढून द्या. ते खातं त्याच्या नावाचा ईमेल आणि फोन नंबर घालून काढा, शेजारच्या दादाचा नको. ‘स्टीम गार्ड’ ही दुहेरी पडताळणी त्याच दिवशी सुरू करा.

शेवटचं म्हणजे तुमच्याकडे तो गेम आधीच आहे का. पॅकेजमधलं सगळंच तुमच्याकडे असेल तर स्टीम तसं सांगतं आणि कोड खर्च होत नाही. तो तुम्ही दुसऱ्या कुणाला देऊ शकता. पण पॅकेजमधली एक जरी गोष्ट तुमच्याकडे नसेल, समजा मूळ गेम आहे पण सोबतचा संगीताचा अल्बम नाही, तर कोड वापरला जातो. अल्बम मिळतो आणि गेमची जादा प्रत वाया जाते. डिलक्स आवृत्तीचा कोड हातात आला आणि साधी आवृत्ती आधीच घेतलेली असेल, तर आधी हिशेब करा.

कुणाकडून घ्यायचा

या मुद्द्यावर मला सगळ्यात जास्त बोलायचं आहे, कारण इथे फसवणूक होते ती फक्त घेणाऱ्याची नव्हे.

इंटरनेटवर काही बाजारपेठा अशा आहेत जिथे कुणीही की विकू शकतं. बाजारपेठ फक्त मधला दलाल. विकणाऱ्याने की कुठून आणली, हे खरेदी करणाऱ्याला कळत नाही. यालाच ग्रे मार्केट म्हणतात. तिथल्या काही की कुणाच्या तरी जादा उरलेल्या असतात, काही स्वस्त देशातून उचललेल्या असतात आणि काही चोरीच्या क्रेडिट कार्डावर घेतलेल्या असतात. हा तिसरा प्रकार असा चालतो: चोर दुसऱ्याच्या कार्डावर गेमच्या कंपनीच्या दुकानातून की घेतो आणि ग्रे मार्केटमध्ये विकून रोख पैसे मोकळे करतो. महिन्याभराने कार्डाचा खरा मालक बँकेकडे तक्रार करतो. बँक पैसे परत खेचून घेते, यालाच चार्जबॅक म्हणतात. गेमची कंपनी विक्रीचे पैसे तर गमावतेच, वर प्रत्येक परताव्यामागे बँकेचा दंडही भरते.

फॅक्टोरिओ हा गेम बनवणाऱ्या चेक प्रजासत्ताकातल्या वुबे सॉफ्टवेअरने या त्रासाला जाहीर वाचा फोडली. जीटूए या बाजारपेठेने २०१९ मध्ये आव्हान दिलं होतं की चोरीच्या की आमच्याकडे विकल्या गेल्याचं सिद्ध झालं तर चार्जबॅकच्या दसपट भरपाई देऊ. वुबे पुढे आली. तपासणीत १९८ चोरीच्या की तिथे विकल्या गेल्याचं निघालं आणि २०२० मध्ये जीटूएने ३९,६०० डॉलर भरले. हे एका छोट्या, चिवट कंपनीने पाठपुरावा केला म्हणून उघडकीला आलं.

घेणाऱ्याचं काय होतं? जानेवारी २०१५ मध्ये युबिसॉफ्टने चोरीच्या कार्डांवर घेतलेल्या की रद्द केल्या आणि हजारो किलोमीटर दूर बसलेल्या, प्रामाणिकपणे पैसे मोजलेल्या लोकांच्या लायब्ररीतून गेम नाहीसे झाले. पुढे, ज्यांनी गेम सुरू करून खेळायला घेतले होते त्यांना ते परत दिले गेले. पण तो कंपनीचा निर्णय होता, गिऱ्हाइकाचा हक्क नव्हे. स्टीमवरही प्रकाशक की रद्द करू शकतो आणि अशा वेळी स्टीमचं उत्तर ठरलेलं असतं: जिथून घेतली त्यांना विचारा.

आपल्याकडे पुण्यातल्या नॉडिंग हेड्स गेम्सने ‘राजी: ॲन एन्शंट एपिक’ बनवला आणि २०२० मध्ये तो जगभर पोचवला. मोजक्या माणसांनी स्वतःची जमापुंजी पणाला लावावी असे हे गेम असतात. अशा गेमची की ग्रे मार्केटमधून शंभर रुपयांनी स्वस्त घेतली तर बनवणाऱ्याच्या हाती काहीच न पडण्याची शक्यता असते, किंवा उलट त्यालाच दंड बसतो. त्यापेक्षा स्टीमच्या सेलची वाट पाहिलेली बरी. उन्हाळी आणि हिवाळी सेल दर वर्षी येतातच.

परदेशी दुकानातून डॉलरमध्ये घेणार असाल तर आधी बँकेच्या ॲपमध्ये जाऊन कार्डावर आंतरराष्ट्रीय व्यवहार सुरू करा. रिझर्व्ह बँकेच्या २०२०च्या नियमांनंतर नवी कार्डं मुळात देशांतर्गत व्यवहारांपुरतीच मिळतात. परकीय चलनाचा अधिभार आणि त्यावरचा १८ टक्के जीएसटी धरून किंमत स्टीमच्या रुपयांतल्या किमतीशी ताडून पाहा. बऱ्याचदा ‘स्वस्त’ बंडल तेवढं स्वस्त उरत नाही. व्यवहार झाला की आंतरराष्ट्रीय वापर पुन्हा बंद करून टाका.

ग्राफिक्स कार्ड किंवा लॅपटॉपसोबत मिळणाऱ्या गेमचा प्रकार थोडा वेगळा आहे. मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवर कार्ड घेताना त्या वेळी कार्डाची चिप बनवणाऱ्या एएमडी किंवा एनव्हिडियाची एखादी योजना चालू आहे का आणि हे दुकान तिच्यात सामील आहे का, हे पैसे देण्याआधी विचारा. दुकानदार देतो ते कूपन असतं, स्टीमची की नव्हे. ते कूपन कंपनीच्या संकेतस्थळावर किंवा ॲपमध्ये टाकावं लागतं. तुमच्या मशीनमध्ये ते कार्ड खरोखर बसवलंय का याची पडताळणी होते आणि मगच गेम मिळतो. म्हणजे कार्ड बसवण्याआधी कूपन वापरायला गेलात तर काम होणार नाही. अशा योजनांना दोन वेगळ्या तारखा असतात, कार्ड विकत घेण्याची आणि कूपन वापरण्याची. दोन्ही लिहून ठेवा.

आता कोड टाकू

मेन्यूतली नावं पडद्यावर इंग्रजीत दिसतात, म्हणून इथे उच्चार देतो आहे.

१. कॉम्प्युटरवर स्टीम उघडा आणि योग्य खात्यात लॉगिन करा. वर उजवीकडचं नाव पुन्हा एकदा वाचा.

२. कीबोर्डची भाषा इंग्रजी करा. मराठी कीबोर्ड चालू राहिला तर आकडे देवनागरीत उमटतात आणि कोड नाकारला जातो. आपल्याकडे हे वरचेवर होतं आणि चटकन लक्षात येत नाही.

३. सगळ्यात वरच्या पट्टीत ‘गेम्स’वर क्लिक करा आणि ‘ॲक्टिव्हेट अ प्रॉडक्ट ऑन स्टीम’ निवडा. ते सापडत नसेल तर लायब्ररीत खाली डाव्या कोपऱ्यात ‘ॲड अ गेम’ आहे. तिथेही हाच पर्याय मिळतो.

४. सूचना पुढे ढकलत, कराराला होकार देत कोडच्या रकान्यापर्यंत या. कोड ईमेलमध्ये आला असेल तर कॉपी करून चिकटवा, हाताने टाइप करू नका. चिकटवल्यावर आधी-नंतर रिकामी जागा आली आहे का ते पाहा. छापील कार्डावरचा कोड असेल तर शून्य आणि ‘ओ’, आठ आणि ‘बी’, पाच आणि ‘एस’ यांच्याकडे डोळे लावून बघा. कार्डावरचा खरवडायचा थर नाण्याने हळू काढा. जोर लावला तर खालची अक्षरंही जातात.

५. पुढे जा. कोड बरोबर असेल तर गेमचं नाव पडद्यावर येतं आणि लगेच इन्स्टॉल करायचं का असं विचारलं जातं. इंटरनेट कमी असेल, डिस्कवर जागा नसेल तर नाही म्हणा. गेम लायब्ररीत आलेला असतो, तो कधीही उतरवून घेता येतो.

स्टीम उघडायची सोय नसेल, घराबाहेर असाल, तर फोनच्या ब्राउझरमधूनही जमतं. स्टोअर डॉट स्टीमपॉवर्ड डॉट कॉमवर लॉगिन करून खात्याच्या पानावर कोड टाकायचा दुवा आहे. पत्ता स्वतः टाइप करा. कुणी पाठवलेल्या लिंकवरून त्या पानावर जाऊ नका.

वॉलेट कोडसाठी खात्याच्या पानावर ‘ॲड फंड्स’मध्ये जा. तिथे गिफ्ट कार्ड किंवा वॉलेट कोड रिडीम करायचा पर्याय आहे. कोड टाकला की शिल्लक वाढलेली दिसते. हे पैसे स्टीमच्या बाहेर काढता येत नाहीत आणि दुसऱ्याला पाठवताही येत नाहीत, म्हणून गरजेपुरतेच भरा.

नव्या खात्यांसाठी एक बारकावा. ज्या खात्यातून स्टीमवर किमान ५ डॉलरएवढा खर्च झालेला नाही, त्याला मित्र जोडणं, स्टीमच्या बाजारात व्यवहार करणं अशा काही सोयी मिळत नाहीत. बाहेरून घेतलेली गेमची की टाकून ही मर्यादा उठत नाही, मग ती की चार हजारांची का असेना. तेवढ्या किमतीचा वॉलेट कोड टाकला तर मात्र उठते. मुलाला मित्रांसोबत खेळायचं असेल तर भेट म्हणून वॉलेट कोड देणं जास्त सोयीचं.

अडलं तर

‘इनव्हॅलिड प्रॉडक्ट कोड’ असं आलं तर सहसा टायपिंगची चूक असते किंवा कोड दुसऱ्या प्लॅटफॉर्मचा असतो. घाईघाईने पुन्हा पुन्हा टाकू नका. थोड्या वेळात बरेच चुकीचे प्रयत्न झाले की स्टीम साधारण तासभर कोड स्वीकारणं थांबवतं. ही बंदी खात्यावर तर असतेच, इंटरनेटच्या पत्त्यावरही असते. हॉस्टेलच्या वायफायवर असाल तर दुसऱ्या कुणाच्या प्रयत्नांमुळेही तुमचा कोड अडू शकतो. अशा वेळी थांबा. त्या तासात पुन्हा प्रयत्न करत बसलात तर वाट आणखी लांबते.

‘डुप्लिकेट प्रॉडक्ट कोड’ म्हणजे ही की आधीच दुसऱ्या खात्यात वापरली गेली आहे. घरातल्या कुणी चुकून स्वतःच्या खात्यात टाकली नाही ना, हे आधी विचारा. तसं नसेल तर विक्रेत्याकडे जा. हा संदेश दिसताच त्याचा स्क्रीनशॉट घ्या, वेळ दिसेल असा. अधिकृत दुकानं अशा वेळी बहुधा नवी की देतात किंवा पैसे परत करतात. खोक्यातून आलेली छापील की असेल तर स्टीमच्या मदत विभागाला कीचा फोटो आणि दुकानाची पावती पाठवता येते, म्हणून पावती जपून ठेवा. जुन्या खोक्यांच्या बाबतीत मात्र आशा ठेवू नका. नोव्हेंबर २००४ मध्ये ‘हाफ-लाइफ २’ आला तेव्हापासून डिस्क घेणाऱ्यालाही की स्टीमच्या खात्याला जोडावी लागू लागली. त्यामुळे सेकंडहँड विकलं जाणारं असं खोकं म्हणजे बहुतेक वेळा वापरून झालेली की आणि सोबत निव्वळ प्लास्टिक.

डीएलसीचा कोड नाकारला जाऊन ‘आधी दुसरं उत्पादन हवं’ असं आलं तर मूळ गेम तुमच्याकडे नाही, किंवा तो एपिकवर आहे आणि तुम्ही स्टीमचा डीएलसी टाकता आहात. कोड शाबूत असतो. गेम घेतल्यावर पुन्हा टाका.

‘या देशात उपलब्ध नाही’ असं आलं तर वर सांगितलेलं रीजन लॉक. इथेही कोड खर्च झालेला नसतो. विक्रेत्याला कळवून पैसे मागा. की न वापरलेली असेपर्यंत तुमची बाजू भक्कम असते.

टाकून झाल्यावर

खात्याच्या पानावर परवान्यांची यादी असते. तिथे प्रत्येक गेम कोणत्या तारखेला आणि कशा मार्गाने आला याची नोंद असते. आत्ताचा गेम तिथे दिसतोय ना, एवढं पाहून घ्या. पुढे काही वाद झाला तर ही नोंद उपयोगी पडते.

काही गेम स्टीमवर आले तरी सुरू करताना युबिसॉफ्ट, ईए किंवा रॉकस्टारचं वेगळं खातं मागतात. तिथे जोडलेलं खातं नंतर बदलणं फार कटकटीचं असतं, तेव्हा ते खातंही ज्याचा गेम त्याच्याच नावाचं असू द्या.

स्टीमचा परताव्याचा नियम चांगला आहे: घेतल्यापासून १४ दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळून झालं असेल तर पैसे परत. पण तो स्टीमच्या दुकानातून घेतलेल्या गेमलाच लागू आहे. बाहेरून आणलेल्या कीला नाही. म्हणून तुमच्या कॉम्प्युटरवर गेम चालेल की नाही अशी शंका असेल, तर थोडे पैसे जास्त गेले तरी थेट स्टीमवरूनच घ्या. चाचपडून बघायची मुभा राहते.

भावंडांनी एकच गेम वेगवेगळा घ्यायची गरज बऱ्याचदा नसते. स्टीम फॅमिलीजमध्ये एका घरातली सहा खाती एकत्र येतात आणि एकमेकांचे गेम खेळू शकतात, मात्र एका प्रतीवर एका वेळी एकच जण. गेमच्या कंपनीने परवानगी दिलेली असली पाहिजे. कुटुंबातलं कुणी बाहेर पडलं तर ती जागा वर्षभर अडते, म्हणून मित्रमंडळी भरू नका. आणि तुमच्या प्रतीवर खेळताना धाकट्याने चीट वापरून बंदी ओढवून घेतली तर ती तुमच्यावरही येते. हे त्याला आधीच बजावून सांगा.

परदेशातून इथे भेट पाठवायची असेल तर

न्यू जर्सीतल्या काकाने नाशिकच्या पुतणीसाठी तिथल्या दुकानातून की घ्यायची म्हटलं तर ती इथे चालेलच याची खात्री नसते. स्टीमचं डिजिटल गिफ्ट कार्ड हा त्याहून चांगला मार्ग. दोघं स्टीमवर मित्र म्हणून जोडलेले असायला हवेत आणि त्या मैत्रीला किमान तीन दिवस झालेले हवेत, म्हणजे वाढदिवसाच्या आदल्या रात्री आठवण होऊन उपयोग नाही. काका डॉलरमध्ये भरतो, पुतणीच्या पाकिटात रुपये येतात आणि ती तिला हवा तो गेम इथल्या किमतीला घेते. मध्ये कोडच येत नाही, त्यामुळे तो चोरीला जायचाही प्रश्न नाही.

स्टीम सोडून इतर

प्लेस्टेशनचा कोड १२ अक्षरांचा असतो आणि तो खात्याच्या देशाशी घट्ट बांधलेला असतो. तिथल्या खात्याचा देश नंतर बदलता येत नाही, त्यामुळे कोड घेताना फक्त खात्याचा देश बघा, तुम्ही सध्या कुठे राहता ते नव्हे. एक्सबॉक्स आणि मायक्रोसॉफ्टचा कोड २५ अक्षरांचा. तो कन्सोलवर किंवा मायक्रोसॉफ्टच्या रिडीम पानावर टाकतात. गॉग आणि एपिकवर खात्याच्या मेन्यूतच रिडीमचा पर्याय आहे. गॉगवरून घेतलेल्या गेमची इन्स्टॉलर फाइल उतरवून स्वतःजवळ ठेवता येते. जुने गेम जपून ठेवायचे असतील तर माझी पसंती गॉगलाच.

फसवणूक

फुकट की बनवून देणारं सॉफ्टवेअर अस्तित्वात नाही. की व्हॉल्व्हच्या नोंदीत असावी लागते, कुणाच्या लॅपटॉपवर ती तयार होत नाही. अशी सॉफ्टवेअरं पासवर्ड चोरायला बनवलेली असतात. मुलांना हे स्पष्ट शब्दांत सांगायला हवं, कारण शोधताना पहिल्यांदा तीच सापडतात.

डिस्कॉर्ड या गप्पांच्या ॲपवर ‘तुला फुकट गेम लागला आहे’ असा निरोप ओळखीच्या मित्राकडूनही येतो, कारण मित्राचं खातं आधी चोरलेलं असतं. लिंक उघडली की स्टीमच्या लॉगिनसारखी खिडकी दिसते. ती खरी ब्राउझरची खिडकी नसते, पानावर काढलेलं चित्र असतं. ओळखायची सोपी खूण म्हणजे ती खिडकी धरून ब्राउझरच्या कडेबाहेर ओढून पाहा. चित्र असेल तर ती बाहेर येत नाही. शिवाय कोड वापरायला कुणाला तुमचा पासवर्ड किंवा स्टीम गार्डचा आकडा सांगावा लागत नाही, कधीच नाही.

वॉलेट कोडचा फोटो कुणालाही पाठवू नका. अधिकारी असल्याची बतावणी करून ‘दंड गिफ्ट कार्डाने भरा’ सांगणारे ठग असतात. कोणतंही सरकारी खातं, बँक किंवा वीज कंपनी गिफ्ट कार्डात पैसे घेत नाही. घरातल्या ज्येष्ठांनाही हे सांगून ठेवा.

पैसे गेलेच तर वेळ घालवू नका. १९३० या सायबर हेल्पलाइनवर लगेच फोन करा, कारण पहिल्या काही तासांत रक्कम मध्येच गोठवता येण्याची शक्यता जास्त असते. सायबरक्राइम डॉट गव्ह डॉट इनवर लेखी तक्रारही नोंदवा. फसवणूक नसून दुकानदार नुसताच दाद देत नसेल तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे. दोन्हीकडे व्यवहाराचा क्रमांक, पावती, कोड आला तो ईमेल आणि स्टीमने दाखवलेल्या संदेशाचा स्क्रीनशॉट मागतील. स्टीम खातंच हातचं गेलं असेल तर हेल्प डॉट स्टीमपॉवर्ड डॉट कॉमवर खातं परत मिळवायचा अर्ज करा. त्यात पूर्वी त्या खात्यात टाकलेल्या एखाद्या छापील कीचा फोटो मालकीचा पुरावा म्हणून देता येतो, तेव्हा वापरून झालेली कार्डंही फेकू नका.